खोटं ठरण्याची तयारी
लेखमाला : विज्ञान कशाला म्हणायचं? (लेखांक सहावा)

मागच्या लेखांकात तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूम यांचा प्रश्न पाहिला : आजवर जे घडत आलं तेच उद्याही घडेल, हे आपण कशाच्या बळावर म्हणतो? धाराशिव जिल्ह्याने या प्रश्नाची फार मोठी किंमत मोजली आहे.

1993 पर्यंत शाळेच्या पुस्तकापासून सरकारी नकाशापर्यंत सगळीकडे एकच सूर होता. दख्खनचं पठार म्हणजे जुना, घट्ट, स्थिर खडक. इथे कसला आलाय मोठा भूकंप! भूकंपप्रवणतेच्या नकाशात आपला भाग पहिल्या, म्हणजे सर्वांत कमी धोक्याच्या क्षेत्रात होता. आधार काय, तर मोठ्या भूकंपाची नोंद नाही. 1992 मध्ये किल्लारी परिसरात धक्के जाणवत होते, तरी समज ढळला नाही. 30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे, गणपती विसर्जन करून माणसं झोपली असताना, 6.2 तीव्रतेचा भूकंप झाला. शेजारच्या लातूर जिल्ह्यातलं किल्लारी आणि आपल्याकडची सास्तूर, होळी, पेठसांगवी ही गावं जमीनदोस्त झाली. दगडमातीच्या जाडजूड भिंती आणि वर मातीचं वजनदार माळवद. झोपेतली हजारो माणसं त्याखाली गेली.

त्या पहाटे विज्ञानाचे तत्त्वज्ञ कार्ल पॉपर 91 वर्षांचे होते आणि इंग्लंडमध्ये राहत होते. नोंदींचा ढीग कितीही मोठा झाला तरी त्याने सिद्धांत सिद्ध होत नाही, हे सांगण्यात त्यांची हयात गेली होती.

पॉपर यांचा जन्म 28 जुलै 1902 चा, व्हिएन्नाचा. उमेदीच्या काळात त्यांनी सुतारकाम शिकून घेतलं, मानसशास्त्रज्ञ आल्फ्रेड आडलर यांच्यासोबत मुलांसाठी काम केलं, 1928 मध्ये डॉक्टरेट मिळवली आणि पुढे शाळेत गणित व भौतिकशास्त्र शिकवलं. आडलर यांच्याकडचा 1919 मधला एक प्रसंग त्यांनी लिहून ठेवला आहे. एका मुलाची हकिगत त्यांनी आडलर यांना सांगितली. आडलर यांनी ते मूल पाहिलंही नव्हतं, तरी न्यूनगंडाच्या सिद्धांतात त्याला लगेच बसवून टाकलं. एवढी खात्री कशी, असं विचारल्यावर उत्तर आलं, हजार अनुभवांवरून. म्हणजे आता ते हजार एक झाले म्हणायचे, असं तरुण पॉपर म्हणाले.

त्याच वर्षी, 29 मे 1919 च्या खग्रास सूर्यग्रहणात, खगोलशास्त्रज्ञ आर्थर एडिंग्टन यांच्या मोहिमेने सूर्याजवळून येणारा ताऱ्यांचा प्रकाश किती वळतो ते मोजलं. आइन्स्टाइन यांनी आकडा आधीच सांगून ठेवला होता. मोजमाप जुळलं नसतं तर सिद्धांत तिथेच अडचणीत येणार होता. पॉपर यांना हा फरक भिडला. आडलर यांचा सिद्धांत कशानेच अडत नव्हता, आइन्स्टाइन यांचा अडू शकत होता. जो सिद्धांत 'हे घडलं तर मी चुकलो' असं आधी सांगतो, तो वैज्ञानिक. ही कसोटी त्यांनी 1934 च्या पहिल्या पुस्तकात तपशिलाने मांडली.

आपल्या जिल्ह्यातल्या तेरच्या संत गोरोबाकाकांची कथा या भागात लहान मुलालाही ठाऊक असते. थापटण्याने संतांच्या डोक्यावर ठोकून त्यांनी कच्चं मडकं कोणतं ते पाहिलं. फुटू शकेल असा ठोका दिल्याशिवाय मडकं पक्कं म्हणायचं नाही, ही कुंभाराची रीत आहे. पॉपर यांच्या हिशेबी विज्ञानाचीही तीच. मला त्या कथेचा पुढचा भाग जास्त महत्त्वाचा वाटतो : कच्चे ठरलेले नामदेव विसोबा खेचरांकडे गेले आणि शिकले.

पॉपर यांची पुढची वाटचाल थोडक्यात. ज्यूवंशीय असल्याने नाझींचा धोका ओळखून 1937 मध्ये न्यूझीलंड, 1946 पासून लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्स, 1965 मध्ये 'सर' हा किताब. 17 सप्टेंबर 1994 रोजी ते गेले.

आता पुन्हा पठाराकडे. 11 डिसेंबर 1967 रोजी कोयनेला मोठा भूकंप झाला, तेव्हाच 'स्थिर पठारा'ला तडा जायला हवा होता. पण कोयनेमागे धरणाचा जलाशय होता. हे कारण आज जगभर मान्य आहे, आणि तरीही त्याचा एक परिणाम वाईट झाला. कोयना अपवाद ठरली आणि बाकीच्या पठाराबद्दलचा समज शाबूत राहिला. अपवाद नोंदवून सिद्धांत वाचवण्याबद्दल पॉपर यांनी वारंवार सावध केलं होतं.

एका व्याख्यानाच्या सुरुवातीला पॉपर यांनी विद्यार्थ्यांना सांगितलं : कागद-पेन्सिल घ्या, नीट निरीक्षण करा आणि लिहा. विद्यार्थ्यांनी साहजिकच विचारलं, कशाचं? प्रश्न असल्याशिवाय निरीक्षण होत नाही, हेच त्यांना दाखवायचं होतं. तेरचंच उदाहरण घ्या. तेर हे प्राचीन तगर. पुरातत्त्वज्ञांनी तिथे अनेकदा उत्खनन केलं. नाणी, मूर्ती, मृण्मयी वस्तू मिळाल्या. किल्लारीनंतर भूवैज्ञानिक सी. पी. राजेंद्रन आणि कुसला राजेंद्रन यांनी तेरमध्ये वेगळा प्रश्न घेऊन पाहणी केली : या पठारावर पूर्वी मोठा भूकंप झाला असेल, तर जमिनीत त्याची खूण कुठे सापडेल? जुन्या थरांत त्यांना विस्कटल्याच्या खुणा दिसल्या. सुमारे दीड हजार वर्षांपूर्वीच्या भूकंपाच्या त्या खुणा असाव्यात, असा निष्कर्ष त्यांनी 1999 मध्ये प्रसिद्ध केला. पुरावा धाराशिवच्या मातीत शतकानुशतकं पडून होता. नोंद नव्हती, कारण शोध नव्हता.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. किल्लारीने नेमकं काय खोटं ठरवलं? हिमालयाच्या मानाने पठारावर भूकंप फार कमी होतात, हे आजही खरं आहे. खोटा ठरला तो 'इथे होणारच नाही' हा दावा. कसोटीत काहीतरी फुटलं, एवढंच कळतं. नेमकं काय फुटलं, हे ठरवायला पुन्हा डोकं लावावं लागतं. पॉपर यांच्या कसोटीवरचा सर्वांत वजनदार आक्षेप हाच आहे.

2002 च्या सुधारित नकाशातून पहिलं क्षेत्र पूर्णपणे काढून टाकलं गेलं आणि किल्लारीचा परिसर तिसऱ्या क्षेत्रात आला. आपल्या जिल्ह्यातल्या उमरगा-लोहारा भागात आज घर बांधणाऱ्याने बांधकामाआधी अभियंत्याला या क्षेत्राचे नियम जरूर विचारावेत.

पुढील लेखांकात थॉमस कून. शास्त्रज्ञ प्रत्यक्षात पॉपर सांगतात तसे वागतात का, हा त्यांचा प्रश्न.