शून्याचा मानकरी

22 एप्रिल 1978. पॅरिसच्या पॅले दे काँग्रे सभागृहात युरोव्हिजन गीतस्पर्धेची अंतिम फेरी रंगात आलेली होती. नॉर्वेकडून अठ्ठावीस वर्षांचा यान टायगेन गायला उभा राहिला. ‘मील एत्तर मील’ हे गाणं तसं साधं, एकट्याने चाललेल्या लांबच्या वाटेचं. पण टायगेन त्याच्यासोबत जे काही करत होता ते साधं नव्हतं. पँटच्या खांद्यावरून जाणाऱ्या पट्ट्यांत अंगठे अडकवून तो ते पट्टे ताणत होता, सोडत होता. काळ्या चष्म्याशी खेळत होता. आणि शेवटाकडे तर त्याने पाय फाकून हवेत उंच उडी मारली. समोर बसलेल्यांना कळेना, हा मनापासून गातोय की आपली थट्टा करतोय.

मग गुणमोजणी सुरू झाली. एकेका देशाचा कौल येत गेला, फलकावरचे आकडे चढत गेले आणि नॉर्वेसमोरचा आकडा होता तिथेच राहिला. भोपळा.

हा भोपळा किती दुर्मीळ होता ते नीट कळायला थोडं गणित करावं लागेल. 1975 पासून स्पर्धेत नवी पद्धत आली होती. प्रत्येक देशाचं परीक्षक मंडळ आपल्याला आवडलेल्या दहा गाण्यांना 12, 10, 8 आणि मग 7 ते 1 असे गुण देणार. त्या वर्षी वीस देश होते, आणि स्वतःच्या देशाला गुण द्यायची सोय नव्हती. म्हणजे इतर 19 देशांकडे मिळून 190 जागा होत्या. शेवटच्या, एका गुणाच्या जागेवरही कुणी टायगेनला बसवलं नाही. नवी पद्धत आल्यापासून असं कुणाच्याच वाट्याला आलं नव्हतं. ती रात्र इस्रायलने जिंकली, ‘आ-बा-नी-बी’ या गाण्याने.

खरं म्हणजे नॉर्वेला हरायची सवय होती. 1963, 1969, 1974, 1976 अशी तळाची जागा त्यांनी आधीच चार वेळा गाठली होती आणि 1963 मध्ये एक शून्यही पदरात पडलं होतं. त्यात 1977 पासून प्रत्येकाने आपल्या देशाच्या भाषेतच गायचं, असा नियम परत आला होता. चाळीस-पन्नास लाख लोकांची भाषा घेऊन युरोपपुढे उभं राहायचं, तर बाकी सगळं चोख हवं. इथे तर गायकच पट्टे ताणून दाखवत होता.

पण टायगेन मायदेशी परतला तो जिंकून आलेल्या माणसाच्या थाटात. तेव्हा नॉर्वेत टीव्हीची वाहिनी एकच होती, सरकारी एनआरके. साहजिकच जवळजवळ सगळ्या देशाने ते शून्य एकाच वेळी, आपापल्या घरात बसून पाहिलं होतं. गुण द्यायचा अधिकार परीक्षकांचा होता; रेकॉर्ड विकत घ्यायचा मात्र लोकांचा. ‘मील एत्तर मील’ नॉर्वेच्या विक्रीयादीवर महिनोन्महिने ठाण मांडून बसलं. टायगेनने पुढचा अल्बम काढला त्याचं नावच ठेवलं ‘धिस इयर्स लूझर’, यंदाचा पराभूत. वर्तमानपत्रांनी उपहासाचं शीर्षक द्यायच्या आत त्याने ते स्वतःच देऊन टाकलं.

हे त्याला सुचलं, कारण तो नुसता गायक नव्हता. थट्टा हाही त्याचा धंदाच होता.

टायगेनचा जन्म 27 सप्टेंबर 1949 चा, टॉन्सबर्गचा. ऑस्लोच्या दक्षिणेला फ्योर्डच्या काठी असलेलं हे गाव नॉर्वेतलं सर्वांत जुनं म्हणून मिरवतं. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला तो पोपोल वुह या प्रोग्रेसिव्ह रॉक बँडचा गायक होता. माया लोकांच्या पवित्र ग्रंथावरून घेतलेलं हे नाव एका जर्मन बँडनेही घेतलेलं निघालं, म्हणून पुढे ते पोपोल एस झालं. लांबलचक वाद्यरचना, गंभीर चेहरे, इंग्रजी शब्द, असा तो मामला. या बँडने टायगेनला जे दिलं ते आयुष्यभर पुरलं. आवाज हवा तितका वर नेता येणं, तिथे तो टिकवून धरणं आणि एकाच गाण्यात कुजबुजीपासून किंकाळीपर्यंत जाऊन येणं.

नाटकीपणाची हौस मात्र त्या बँडमध्ये मावत नव्हती. 1976 साली नॉर्वेच्या राष्ट्रीय निवडफेरीत, मेलोदी ग्राँ प्रीमध्ये, तो ‘वूडू’ हे गाणं घेऊन आला. अंगाला घट्ट बसणारा काळा पोशाख आणि त्यावर पांढरी हाडं. एनआरकेच्या नीटनेटक्या स्टुडिओत हा सांगाडा नाचत होता. निवड झाली ती आन-करीन स्त्रॉमच्या ‘माता हारी’ची, आणि ते गाणं हेगच्या अंतिम फेरीत तळाला गेलं. सांगाडा पाठवला असता तर काय झालं असतं, हा नॉर्वेतल्या गप्पांचा विषय होऊ शकतो. मला वाटतं, तोही तळालाच गेला असता, फक्त जास्त लक्षात राहिला असता. राक्षसाचे मुखवटे घालून कुणी ही स्पर्धा जिंकायला आणखी तीस वर्षं जायची होती. 2006 मध्ये अथेन्सला फिनलंडच्या लॉर्डीने ते केलं.

टायगेनच्या कारकिर्दीतला सर्वांत मजेदार भाग म्हणजे प्रिमा वेरा. हेरोदेस फाल्स्क आणि टॉम माथिसेन हे दोन विनोदवीर आणि तिसरा टायगेन. 1978 मध्ये त्यांचा ‘ब्राकारा’ अल्बम आला. म्हणजे युरोपसमोर शून्य घेणारा माणूस त्याच वर्षी घरच्या लोकांना पोट धरून हसवतही होता. पुढच्या वर्षीच्या अल्बमचं नावच ‘जी भजनं आणि गाणी आम्ही आनंदाने फेकून देऊ’ अशा अर्थाचं. ज्या देशात लुथेरन चर्च हे सरकारी चर्च होतं, तिथे हे नाव दुकानाच्या दर्शनी भागात लागलं होतं.

प्रिमा वेराची कामाची वाटणी पाहण्यासारखी आहे. फाल्स्क आणि माथिसेन यांच्याकडे वात्रटपणा होता, वेषांतरं होती, शब्दांच्या कोलांट्या होत्या. पण विडंबन गायचं तर मूळ प्रकार हाडीमांसी मुरलेला लागतो. डिस्कोची टर उडवायची तर डिस्को खऱ्या डिस्कोइतकाच वाजला पाहिजे. भजनाची नक्कल करायची तर ऐकणाऱ्याचे हात क्षणभर जुळायला हवेत. तिथे टायगेन कामी येई. शब्द शुद्ध आचरटपणाचे आणि आवाज मात्र असा, की जणू यावर जीव अवलंबून आहे. विनोदी गाणी गाणारे बहुतेक लोक वाकडंतिकडं गाऊन हसू मागतात. टायगेन सुरेल गाऊन हसवायचा, आणि ते फार अवघड आहे.

1983 मध्ये या तिघांनी चित्रपट केला तो थेट संत ओलाव्हवर. नॉर्वेत ख्रिस्ती धर्म रुजवणारा हा राजा 1030 साली स्तिक्लेस्ताच्या लढाईत पडला आणि पुढे देशाचा संत झाला. शाळेच्या पुस्तकांतून पोरापोरांना पाठ असलेल्या या माणसाची गाथा प्रिमा वेराने पार खाली उतरवली. सगळंच आज तितकं हसवत नाही. त्या काळच्या थिल्लर विनोदाला वयाची सुरकुती लागतेच, आणि परक्याला तर अर्धे संदर्भ कळत नाहीत. गाणी मात्र चालतात, कारण चाली आणि गळा खरे आहेत.

हाच फाल्स्क दुसऱ्या एका ठिकाणी भेटतो तेव्हा गंमत वाटते. 1982 मध्ये टायगेन पुन्हा युरोव्हिजनला गेला, इंग्लंडमधल्या हॅरोगेटला, अनिता स्कोर्गनबरोबर. ती स्वतः या स्पर्धेत दोनदा गाऊन आलेली गायिका होती. ‘आद्यू’ हे निरोपाचं युगुलगीत होतं. चाल टायगेनची आणि शब्द, होय, हेरोदेस फाल्स्कचे. एकही आचरट ओळ नाही. 40 गुण, बारावा क्रमांक. पुढच्या वर्षी म्युनिकला ‘दो रे मी’ घेऊन तो तिसऱ्यांदा उभा राहिला. अनिता या वेळी मागे, साथीला. 53 गुण आणि नववा क्रमांक. दोघांनी 1984 मध्ये लग्न केलं, काही वर्षांनी वेगळेही झाले. नॉर्वेने स्पर्धा प्रथम जिंकली ती 1985 मध्ये, बॉबीसॉक्स या दोघींच्या गाण्यावर.

त्या आधी, 1981 मध्ये, नॉर्वेला आणखी एक शून्य मिळालं होतं. ते आलं फिन कालविक या गायकाच्या वाट्याला, डब्लिनमध्ये. कालविक गिटार घेऊन गाणारा हळवा माणूस. त्याच्या गाण्याच्या ध्वनिमुद्रणामागे अॅबा या विख्यात पॉप गटाचा बेनी अँडरसन होता, मागच्या आवाजांत अॅबाच्या दोन्ही गायिका होत्या. एवढी पुण्याई असूनही भोपळाच. पण टायगेनचं शून्य लोकांनी डोक्यावर घेतलं, कालविकचं शून्य मात्र त्याच्या मागे लागलं. पुढे एनआरकेवरच्या ‘ओपन पोस्ट’ या विनोदी कार्यक्रमात त्याच्या नावाने खोट्या बातम्यांचं सदरच चालायचं. तो दुखावला, जाहीरपणे बोलला, आणि विनोदाने एका माणसाच्या मागे किती लागावं यावर देशात वाद झाला. कालविकची बाजू मला पटते. प्रत्येक कवीने स्वतःच्या फजितीवर नाचून दाखवावं, ही अपेक्षा काय कामाची? टायगेनने उडी गाण्यातच मारून ठेवली होती. कालविककडे मारण्यासारखी उडीच नव्हती.

ब्रिटिश लेखक टिम मूर याने 2006 मध्ये शून्य गुण मिळवणाऱ्या गायकांवर ‘नल पॉइंट्स’ हे पुस्तक लिहिलं. जगभर फिरून तो एकेकाला शोधत होता. सुरुवात केली ती टायगेनपासून.

राष्ट्रीय निवडफेरीची नशा टायगेनला कधी सुटली नाही. दहापेक्षा जास्त वेळा तो तिथे उतरला. 1989 मध्ये ‘ऑप्टिमिस्ट’ घेऊन आला, जिंकला नाही, पण आशावादाचं ते गाणं नॉर्वेत घराघरांत गेलं. ज्याने शून्यावर नाव कमावलं त्याच्या तोंडी ते शोभलंही. 2005 मध्ये, पंचावन्नाव्या वर्षी, नामसोसच्या डीडीई या रॉक बँडला घेऊन तो पुन्हा त्याच मंचावर आला. तो हरला तो विग वॅम या टोळीकडून. लांब केस, चकचकीत घट्ट कपडे, तारसप्तकातल्या किंकाळ्या, अर्धं गंभीर आणि अर्धं थट्टेचं, असा त्यांचा थाट. 1976 मध्ये सांगाड्याला जे जमलं नव्हतं ते त्यांना जमलं. नॉर्वेने त्यांना कीवला पाठवलं आणि त्यांनी नववा क्रमांक आणला, म्हणजे टायगेनने म्युनिकला आणला होता तोच. टायगेन 24 फेब्रुवारी 2020 रोजी स्वीडनमधल्या इस्ताद इथे गेला. नॉर्वेने त्यानंतर 2024 मध्ये बाराव्यांदा तळ गाठला, तरी शून्य म्हटलं की तिथे अजून त्याचंच नाव निघतं.