व्यसनी माणूस हाही रुग्णच

‘दारू सोडायला मनाचा निश्चय हवा, औषधपाणी कशाला?’ असे पुष्कळजण विचारतात. निश्चय हवाच. पण व्यसन हा आजार आहे. वर्षानुवर्षांच्या दारूने किंवा गर्दने मेंदूचे कामकाज बदलते, आणि नशा मिळाली नाही की शरीर बंड करून उठते.

ही गोष्ट आपल्या जिल्ह्यात कृतीने दाखवून दिली ती डॉ. सुनंदा (अनिता) अवचट यांनी. येरवड्याच्या मनोरुग्णालयात त्या मनोविकारतज्ज्ञ होत्या. १९८० नंतर गर्द, म्हणजे ब्राऊन शुगर, शहरांतून पसरू लागली. त्यांचे पती, लेखक डॉ. अनिल अवचट यांनी त्यावर लेख लिहिले. ते वाचून पु. ल. आणि सुनीताबाई देशपांडे यांनी मदतीचा हात पुढे केला आणि २९ ऑगस्ट १९८६ रोजी येरवड्यात ‘मुक्तांगण’ सुरू झाले. तेथे मारहाण नाही, हेटाळणी नाही. औषधे, समुपदेशन, गटचर्चा आणि श्रम यांवर भर. व्यसनातून बाहेर पडलेलेच पुढे कार्यकर्ते होतात. रुग्णांच्या पत्नींसाठी ‘सहचरी’ गट आहे. डॉ. सुनंदा १९९७ साली कर्करोगाने गेल्या, पण त्यांचे काम चालू आहे.

कायदाही उपचाराला वाव देतो. १९८५च्या अमली पदार्थविरोधी कायद्याने सेवन हा गुन्हा ठरवला. मात्र त्याच कायद्याच्या ६४-अ कलमानुसार, केवळ सेवनाचा किंवा अल्प प्रमाणात पदार्थ बाळगल्याचा आरोप असलेला व्यसनी स्वेच्छेने मान्यताप्राप्त केंद्रात उपचार घेईल, तर त्याला खटल्यातून सूट मिळू शकते. उपचार अर्धवट सोडला तर ही सूट जाऊ शकते.

काहींना व्यसन लगेच सुटत नाही. त्यांना वाऱ्यावर सोडावे काय? सुईने नशा करणाऱ्यांना एकमेकांच्या सुईतून एड्सचे विषाणू व कावीळ यांची लागण होते. म्हणून आपल्या देशातील एड्स नियंत्रण कार्यक्रमात अशांना निर्जंतुक सुया आणि जिभेखाली ठेवायची ब्युप्रेनॉर्फिनची गोळी देखरेखीखाली दिली जाते. यात नशेला उत्तेजन नाही. माणूस जगला तरच उद्या व्यसन सोडील, एवढाच हिशेब आहे.

हाच हिशेब घरातल्या दारूलाही लागू आहे. मुळशीतील वाचकांनी तीन गोष्टी ध्यानात ठेवाव्यात.

एक, रोज भरपूर पिणाऱ्याला खोलीत कोंडून दारू एकाएकी बंद करू नका. पहिल्या दोन-चार दिवसांत हात कापणे, घाम, झटके, भास होऊ शकतात. त्यात जीवही जातो. दारू डॉक्टरांच्या देखरेखीखालीच सोडवावी.

दोन, दारू सोडवण्याची पूड जेवणात चोरून घालू नका. तिच्यात डायसल्फिराम असेल आणि त्यावर माणूस दारू प्याला, तर जोराच्या उलट्या, धडधड होऊन रक्तदाब घसरतो. हृदयविकार असणाऱ्याला ते प्राणघातक ठरू शकते.

तीन, सुटलेले व्यसन पुन्हा लागले तर सारे संपले असे मानू नका. मधुमेहात साखर पुन्हा वाढली की आपण पुन्हा दवाखान्यात जातोच ना? तसेच येथेही करावे.

केंद्र सरकारच्या १४४४६ या क्रमांकावर व्यसनमुक्तीबाबत मोफत सल्ला मिळतो. लोक काय म्हणतील या भीतीने आजार लपवू नका. लवकर विचारणा करा.