पडद्यामागील तंत्रदिग्दर्शक

आमच्या बऱ्हाणपुरातील कुंडी भंडारा जहांगीर बादशहाच्या अमदानीत, १६१५ च्या सुमारास बांधला गेला. सातपुड्याच्या पायथ्याचे पाणी भुयारांतून वाहत येते. वरून दिसतात त्या केवळ कुंड्या. दूरदर्शनचेही असेच आहे. पडद्यावर निवेदक व गायक दिसतात. परंतु ते चित्र आपल्यापर्यंत पोचविणारा तंत्रदिग्दर्शक कधीच दिसत नाही. त्याच्या कार्याचा अल्प परिचय आम्ही येथे करून देत आहोत.

चित्रणगृहात तीन-चार कॅमेरे एकाच वेळी चालू असतात. नियंत्रणकक्षात त्या सर्वांची चित्रे निरनिराळ्या पडद्यांवर उमटतात. दिग्दर्शकाची सूचना होताच बटण दाबून नेमके चित्र प्रक्षेपणास द्यावयाचे, हे तंत्रदिग्दर्शकाचे मुख्य काम होय. ते दिसते तितके सोपे नाही. भारताने प्रथम स्वीकारलेल्या पद्धतीत दर सेकंदास २५ चित्रे उमटत व प्रत्येक चित्र ६२५ रेषांचे असे. सर्व कॅमेऱ्यांनी चित्राचा आरंभ एकाच क्षणी केला नाही, तर कॅमेरा बदलताच चित्र उडी घेते. म्हणून एकाच विद्युत्‌संकेताच्या तालावर सारे कॅमेरे चालवितात. भजनात सारे टाळ एका मृदंगामागे चालावेत, तसे! शिवाय रंग व उजेड सारखे राखणे, यंत्र बिघडताच दुसरे जोडणे, हेही पाहावे लागते. थेट प्रक्षेपणातील चूक मागाहून पुसता येत नाही.

भारतात दूरदर्शनचा प्रारंभ १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीस झाला. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. खेडी मात्र वंचितच होती. १९७५-७६ मध्ये अमेरिकेच्या उपग्रहाच्या साहाय्याने मध्य प्रदेशासह सहा राज्यांतील सुमारे २,४०० खेड्यांत कार्यक्रम पोचविण्याचा प्रयोग झाला. त्याची धुरा कोल्हापुरात जन्मलेले शास्त्रज्ञ एकनाथ चिटणीस यांनी वाहिली. सुमारे ३६,००० किलोमीटर उंचीवरून येणारा क्षीण संकेत झेलण्यासाठी खेड्यांत तारेच्या जाळीच्या साध्या छत्र्या उभारल्या होत्या. त्या दूरदर्शनपुढे बसलेल्या किती ग्रामस्थांना चिटणीसांचे नाव ठाऊक असेल?

या मार्गाने जाऊ इच्छिणाऱ्याने भौतिकशास्त्र व गणित यांचा पाया पक्का करावा. पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये दूरदर्शनविषयक शिक्षण १९७४ पासून मिळते.

स्नेहसंमेलनात आपण नटांना टाळ्या देतो. दिवे व ध्वनिक्षेपक सांभाळणाऱ्या मित्राची आठवण मात्र बिघाड झाला तरच होते. यापुढे प्रयोग निर्विघ्न पार पडला, तर एक टाळी त्याच्यासाठीही वाजवावी, एवढीच आमची विनंती आहे.