परकोट सगळ्यांचा, राखण कुणाची?

नागपूरकडून येणारा माणूस जुन्या चंद्रपुरात शिरतो तो जटपुरा गेटातून. ऑटो, दुचाक्या, सायकली, सणासुदीच्या खरेदीला निघालेली कुटुंबं अशी सगळी वर्दळ एका जुन्या दगडी दरवाजाशी येऊन दाटते. या गर्दीत मान वर करून पाहायला सवड कुणाला असते? पण गेटाच्या दर्शनी भिंतीवर नजर गेलीच, तर हत्तीवर झेपावलेला सिंह दिसतो. हे गोंड राजांचं राजचिन्ह. हे गेट बांधणाऱ्यांचं राज्य १७५१ साली नागपूरकर भोसल्यांकडे गेलं, पुढे इंग्रज आले, तेही गेले. दरवाजा मात्र आजही रोजच्या कामात आहे.

इरई आणि झरपट या दोन नद्यांच्या बेचक्यात हे नगर वसवलं गोंड राजा खांडक्या बल्लाळशहाने. त्याआधी राजधानी होती वर्धेकाठी, बल्लारपूरला. राजाच्या अंगावर फोड उठले होते, ते झरपटीच्या पाण्याने बरे झाले. त्याच परिसरात एक ससा उलटून शिकारी कुत्र्याच्या मागे लागला आणि तो जिथून धावला तिथून कोटाची रेघ आखली गेली, अशी आख्यायिका गावात पिढ्यान्‌पिढ्या सांगतात. परकोट पूर्ण व्हायला मात्र अनेक राजवटी जाव्या लागल्या. सुमारे ११ किलोमीटर लांबीच्या या तटाला चार दरवाजे आहेत: जटपुरा, बिनबा, अंचलेश्वर आणि पठाणपुरा. शिवाय हनुमान, विठोबा, चोर, मसण आणि बगड अशा पाच खिडक्या. मे १८१८ मध्ये इंग्रजांनी तोफा लावून याच तटाला खिंडार पाडलं आणि चांदा, म्हणजे आजचं चंद्रपूर, घेतलं.

अंचलेश्वर दरवाजाजवळ गोंड राजांच्या समाध्या आहेत. त्यांत सर्वांत भव्य आहे ती बीरशहाची. राणी हिराईने ती पतीसाठी बांधवली. महाकालीचं मंदिरही तिच्याच नावाशी जोडलेलं आहे. चैत्रात नांदेड-परभणीकडून येणारे भाविक या मंदिरात रांगा लावतात. तिथून समाध्या फारशा लांब नाहीत, पण तिकडे वळणारी पावलं थोडी.

त्याहून दुर्लक्षित ठेवा कोटाबाहेर, लालपेठेच्या कोळसा खाणींच्या परिसरात आहे. रायप्पा नावाच्या एका वैश्य व्यापाऱ्याने मोठं शिवमंदिर बांधायचं मनावर घेतलं. मूर्ती कोरून झाल्या, देऊळ उभं राहायच्या आत तो वारला, असं सांगतात. त्या प्रचंड एकसंध मूर्ती आजही उघड्यावर आहेत. दहा तोंडांची दुर्गा तर पाठीवर उताणी पडलेली. लांबी सुमारे २५ फूट, रुंदी १८ फूट. जमिनीवरून ती एका नजरेत मावतच नाही. पायांपासून निघून मुखांच्या रांगेपर्यंत कडेकडेने चालत जावं लागतं, तेव्हा कुठे मूर्तीचा आवाका ध्यानात येतो. एवढं काम महाराष्ट्रात दुसरीकडे असतं, तर शाळांच्या सहली तिथे लागल्या असत्या.

अशा वास्तूंना कायद्याचं संरक्षण आहे. प्राचीन स्मारकांचा केंद्रीय कायदा १९५८ चा. २०१० च्या दुरुस्तीने संरक्षित स्मारकाभोवतीच्या १०० मीटरमध्ये नव्या बांधकामाला मनाई झाली आणि त्यापुढच्या २०० मीटरमध्ये परवानगी सक्तीची झाली. एखाद्या एकाकी देवळाला हा नियम सहज लागू पडतो. पण ११ किलोमीटरचा तट भर वस्तीतून जातो, तेव्हा दोन्ही अंगांचे शंभर-शंभर मीटर धरले तरी दोन चौरस किलोमीटरहून अधिक जागा मनाईत येते. इथे माणसं पिढ्यान्‌पिढ्या राहतात. जुन्या घराची दुरुस्ती परवानगीने करता येते, पण ती कुठे मागायची, कागद कोणते लागतात, हे समजावून सांगणारं कुणी जवळ नसतं. मग तट म्हणजे आपल्या घराआड आलेली अडचण, असं रहिवाशांना वाटू लागतं. स्मारकाला सगळ्यात मोठा धोका या दुराव्याचा आहे.

शेजारच्या गडचिरोली जिल्ह्यातलं दुखणं याच्या उलट आहे. वैनगंगेकाठचं मार्कंड्याचं मंदिर किंवा आरमोरी तालुक्यातला वैरागडचा किल्ला अशा ठिकाणी वस्तीचा दाब नाही. तिथे अडचण आहे ती अंतराची आणि एकांताची. चंद्रपुरात माणसं आहेत, आणि तीच इथली जमेची बाजू ठरू शकते. हे सिद्धही झालं आहे. बंडू धोतरे यांच्या 'इको-प्रो' संस्थेच्या कार्यकर्त्यांनी १ मार्च २०१७ पासून रोज सकाळी किल्ल्याची सफाई सुरू केली. बुरुजांवरची झुडपं काढली, कचरा उपसला. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये पंतप्रधानांनी 'मन की बात'मध्ये त्यांचं कौतुक केलं.

सफाईनंतरचं काम मात्र जाणकाराचं आहे. पिंपळाचं रोप वरून छाटलं तर मूळ सांध्यात जिवंत राहतं आणि पावसाळ्यात पुन्हा फुटतं. ते मुळासकट काढून सांधा चुन्याने भरावा लागतो. तिथे सिमेंट थापलं की ओल आत कोंडते आणि जुना दगड झिजू लागतो. हे ज्ञान गवंड्यांपर्यंत आणि तटालगतच्या घरांपर्यंत पोहोचायला हवं.

म्हणून काही साध्या गोष्टी व्हायला हव्यात. दुरुस्तीच्या परवानगीचं मार्गदर्शन पुरातत्त्व खातं आणि महापालिका यांनी मिळून परकोटाच्या वॉर्डांतच द्यावं. चुन्याचं काम स्थानिक गवंड्यांना शिकवावं. लालपेठच्या मूर्तींपर्यंत चांगला रस्ता आणि माहितीफलक न्यावा, आणि चंद्रपूरच्या प्रत्येक शाळेने वर्षातून एकदा तरी मुलांना तिथे न्यावं. संरक्षित स्मारकाचा निळा फलक कायदा सांगतो. राखण शेजारी करतात. त्या शेजाऱ्यांना गुन्हेगार समजून नव्हे, भागीदार मानून काम केलं, तर गोंड राजांचा हा कोट पुढच्या पिढ्यांच्याही वापरात राहील.