पोप तेरावा ग्रेगरी याचें आज्ञापत्र आणि मराठी कागदांच्या तारखा

रोमच्या धर्मपीठाचा इतिहास हा आपल्या मंडळींच्या अभ्यासाचा विषय नव्हे, असें सामान्यतः समजलें जातें. परंतु त्या पीठावरून इ. स. १५८२ मध्यें निघालेलें एक आज्ञापत्र असें आहे कीं, तें ध्यानांत न घेतां शिवकालीन अथवा पेशवेकालीन कागदाची इंग्रजी तारीख ठरवूं जाणारा संशोधक दहा-अकरा दिवसांनीं, आणि प्रसंगीं पुऱ्या एका वर्षानें चुकतो. श्रीशिवछत्रपतींचा राज्याभिषेक ता. ६ जून १६७४ रोजीं झाला असें एका ग्रंथांत आढळतें, ता. १६ जून रोजीं झाला असें दुसऱ्यांत आढळतें. वाचक गोंधळतो, व दोहोंपैकीं एक ग्रंथकार निष्काळजी असावा असें मानून मोकळा होतो. वस्तुतः दोन्ही तारखा एकाच दिवसाच्या आहेत. हें कसें, आणि जुने कागद बाळगणारानें त्यापासून काय बोध घ्यावा, हें स्पष्ट करण्याचा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

पोप म्हणजे रोम शहराचा बिशप. ख्रिस्तशिष्य पीटर याचा उत्तराधिकारी या नात्यानें रोमन कॅथलिक पंथ त्यास सर्व ख्रिस्तमंडळाचा प्रमुख मानतो. त्याच्या महत्त्वाच्या आज्ञापत्रांस शिशाची मुद्रा लावीत. तिला लॅटिन भाषेंत 'बुल्ला' म्हणत, त्यावरून पत्रासच 'बुल' हें नांव पडलें. आपल्याकडे शिक्का व मोर्तब पाहून पत्राचा खरेपणा ठरे, तसाच हा प्रकार. अशा पत्रास त्याच्या आरंभींच्या शब्दांवरून ओळखण्याची चाल आहे. आपल्या विषयाचें पत्र 'इंतेर ग्राव्हिस्सिमास' या नांवानें प्रसिद्ध आहे.

धर्मगुरूनें कालगणनेंत हात घालण्याचें कारण ईस्टरचा सण. वसंतसंपातानंतरची जी पौर्णिमा, तिच्या पुढच्या रविवारीं हा सण येतो. म्हणजे संपात, पौर्णिमा व वार या तिहींचा मेळ घालावा लागतो. पंचांग पाहणाऱ्या आपल्या वाचकांस ही अडचण निराळी समजावून सांगावयास नको. इ. स. ३२५ मध्यें निकीया येथें धर्मपरिषद भरली, त्या काळीं संपात २१ मार्चच्या सुमारास होत असे, व पुढें तोच दिवस संपाताचा म्हणून धरण्यांत आला. परंतु ज्यूलियस सीझरनें घालून दिलेलें वर्ष ३६५। दिवसांचें, आणि खरें सायन वर्ष त्याहून सुमारें अकरा मिनिटांनीं लहान. हा फरक सुमारें १२८ वर्षांत एका दिवसाइतका होतो. सोळाव्या शतकापर्यंत तो दहा दिवसांवर गेला, आणि आकाशांतील संपात ११ मार्चच्या आसपास होऊं लागला.

ट्रेंट येथील धर्मपरिषदेनें (१५४५-१५६३) प्रार्थनाग्रंथांच्या शुद्धीचें काम पोपवर सोंपविलें होतें. त्यांतच पंचांगशुद्धीचा प्रश्न आला. १५७२ मध्यें तेरावा ग्रेगरी पोप झाला. मूळचा हा बोलोन्याचा उगो बोनकोंपान्यी, कायदेशास्त्राचा पंडित. त्यानें एक मंडळ नेमिलें. त्यापुढें कलाब्रिया प्रांतांतील लिलियस नांवाच्या वैद्यानें केलेली योजना आली. लिलियस १५७६ मध्येंच वारला होता. त्याच्या योजनेचें समर्थन क्लाव्हियस या जेझुइट गणित्यानें पुढें ग्रंथ लिहून केलें. २४ फेब्रुवारी १५८२ रोजीं आज्ञापत्र निघालें. गंमत अशी कीं, त्या पत्रावर साल १५८१ असें आहे. कारण तेथील लेखनपद्धतींत वर्ष २५ मार्चपासून धरलें होतें. कालगणना सुधारणाऱ्या पत्राचेंच साल वाचतांना सावध राहावें लागतें, हें संशोधकानें लक्षांत ठेवण्याजोगें आहे.

आज्ञा मुख्यतः दोन होत्या. पहिली अशी कीं, साचलेले दहा दिवस एकदम काढून टाकावे: गुरुवार ता. ४ ऑक्टोबर १५८२ नंतरचा दिवस शुक्रवार ता. १५ ऑक्टोबर मानावा. दुसरी अशी कीं, शतकाच्या अखेरच्या वर्षांपैकीं ज्यांस ४०० नीं भाग जातो तींच लीप वर्षें धरावीं. म्हणून १६०० सालीं २९ फेब्रुवारी होती, १७०० सालीं नव्या गणनेंत ती नव्हती. यांत आपल्या दृष्टीनें मर्माची गोष्ट एकच आहे. पोपनें तारखा काढल्या, वार काढला नाहीं. गुरुवारानंतर शुक्रवारच आला. आपल्या पंचांगांत क्षयतिथि आली तरी वारांची माळ तुटत नाहीं, तसेंच येथें झालें. जुन्या व नव्या गणनांमधला हा एकच अखंड दुवा आहे, व पुढील सर्व विवेचन त्याच्यावर उभें आहे.

ही आज्ञा सर्वांनीं पाळली नाहीं. स्पेन, पोर्तुगाल, पोलंड व इटलीचा बहुतेक भाग यांनीं नेमल्या दिवशींच ती अमलांत आणिली. फ्रान्सनें त्याच वर्षीच्या डिसेंबरांत आणिली. पोर्तुगालच्या गादीवर त्या वेळीं स्पेनचा राजा दुसरा फिलिप होता. आपल्या किनाऱ्यावरील पोर्तुगीज मुलुखाचा तर रोमशीं दुहेरी संबंध होता. पोप तिसरा पॉल यानें १५३४ मध्यें गोव्यास बिशपचें पीठ दिलें होतें, आणि पूर्वेकडील पीठांवर माणसें सुचविण्याचा अधिकार व देवळांच्या खर्चाचा भार पोर्तुगालच्या राजाकडे होता. या व्यवस्थेस 'पाद्रोआदो' म्हणत. त्यामुळें सतराव्या शतकांतील गोवें, चौल, वसई, दमण येथील पोर्तुगीज कागद नवीन गणनेचे आहेत. डच लोक प्रॉटेस्टंट खरे; परंतु त्यांच्यापैकीं हॉलंड व झीलंड या प्रांतांनीं सोय पाहून ही गणना लौकरच स्वीकारली, व डच कंपनीच्या वखारींत तीच चाले. इंग्रजांनीं मात्र पोपची आज्ञा म्हणून ती नाकारिली, आणि सुरत, राजापूर, कारवार व मुंबई येथील आपल्या वह्या १७५२ पर्यंत जुन्याच गणनेनें लिहिल्या. शिवाय त्यांचें वर्ष १ जानेवारीस न बदलतां २५ मार्चला बदले. 'क्रिस्तपुराणा'चा कर्ता फादर थॉमस स्टीफन्स १५७९ मध्यें, म्हणजे आज्ञापत्रापूर्वीं तीन वर्षें, गोव्यास आला व तेथेंच १६१९ मध्यें वारला. तो जन्मानें इंग्रज. पण त्याच्या अखेरच्या वर्षांत सुरतेस वखार घालून बसलेले त्याचे देशबंधु त्याच्याहून दहा दिवस मागें होते.

याचा परिणाम आपल्या इतिहासाच्या साधनांत पदोपदीं दिसतो. मुंबई बेट पोर्तुगिजांनीं हंफ्री कुक याच्या स्वाधीन केलें ती तारीख १८ फेब्रुवारी १६६५. तोच दिवस इंग्रजांच्या गणनेनें ८ फेब्रुवारी, आणि सालही १६६४. कारण २५ मार्च यावयाचा होता. महाराज सुरतेवर चालून आले तो बुधवार इंग्रजांच्या लेखीं ६ जानेवारी १६६३, आपण आज लिहितों त्या रीतीनें ६ जानेवारी १६६४. शेजारच्या डच वखारीच्या लेखीं १६ जानेवारी १६६४. हे कागद गणना न पाहतां एकापुढें एक मांडले, तर एकाच घटनेच्या दोन घटना होतात, आणि पत्राचें उत्तर पत्राच्या आधीं लिहिलेलें दिसतें.

आपल्या मराठी कागदांत तिथि व शक, अथवा मुसलमानी महिन्याचा चंद्र व सुहूर सन असतो. पुष्कळदां वारही असतो. हा वार म्हणजे परीक्षेचा दगड होय. दहा या संख्येस सातांनीं भाग जात नाहीं, बाकी तीन उरते. म्हणून एका गणनेची तारीख दुसऱ्या गणनेची समजून वार काढला, तर तो तीन दिवसांनीं चुकतो व चोरी लागलीच पकडली जाते. जेधे शकावलींत महाराजांचा जन्म शके १५५१ फाल्गुन वद्य तृतीया, शुक्रवार असा आहे. जुन्या गणनेनें ही ता. १९ फेब्रुवारी १६३०, नवीन गणनेनें १ मार्च १६३०. आजकाल संगणकावर कोणत्याही तारखेचा वार क्षणांत मिळतो. पण बहुतेक ठिकाणीं पोपचीच गणना मागें ओढलेली असते. तेथें १९ फेब्रुवारी १६३० घातली तर मंगळवार निघतो. त्यावरून शकावली खोटी ठरविण्याचें कारण नाहीं. १ मार्च घालावी, शुक्रवार येतो.

वारांत एकाच दिवसाचा फरक पडला तर मात्र कारण निराळें. राज्याभिषेकाच्या वेळीं सिंहासनारोहण झालें तें रात्र तीन घटिका उरली असतां, ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी चालू असतां. आपला वार सूर्योदयापासून धरतात, म्हणून शकावलींत वार शुक्रवार. इंग्रजांचा दिवस मध्यरात्रीं बदलतो, म्हणून त्यांच्या हिशेबीं शनिवार ता. ६ जून उजाडला होता. नवीन गणनेनें तोच शनिवार ता. १६ जून. तात्पर्य, तीन वारांचा फरक दिसल्यास गणनाभेद पाहावा, एका वाराचा दिसल्यास प्रहर पाहावा. आणि या दोहोंनींही उलगडा न झाल्यास मगच लेखकाच्या हातून चूक झाली असें म्हणावें.

सालाच्या घोटाळ्याचें उदाहरण संभाजी महाराजांच्या वधाचें आहे. तो दिवस शके १६१० फाल्गुन वद्य अमावास्या. पाडवा एका दिवसावर आला होता, व त्याबरोबर शके १६११ लागावयाचा होता. जुन्या गणनेनें ती ता. ११ मार्च १६८९, नवीन गणनेनें २१ मार्च. परंतु त्या दिवशीं मुंबईच्या इंग्रजी वहींत साल १६८८ च चालू होतें. जानेवारीपासून २४ मार्चपर्यंतच्या इंग्रजी पत्रांचें साल जसेंच्या तसें उचलणारा मनुष्य ही घटना वर्षभर अलीकडे ओढील. म्हणूनच जाणते संपादक अशा ठिकाणीं १६८८-८९ अशी जोडसंख्या देतात.

अठराव्या शतकांत फरक वाढला. जुन्या गणनेंत १७०० हें लीप वर्ष होतें, नव्या गणनेंत नव्हतें; म्हणून त्या वर्षाच्या फेब्रुवारीनंतर अंतर अकरा दिवसांचें झालें, व वारांतील बाकी चार. वसईच्या पोर्तुगिजांनीं शरणागतीचा करार केला तो त्यांच्या कागदीं ता. १६ मे १७३९. जुन्या गणनेनें ती ५ मे. या मोहिमेचे मराठी, पोर्तुगीज व मुंबईकर इंग्रज असे तिन्ही प्रकारचे कागद उपलब्ध असल्यानें येथें तर फारच जपावें लागतें.

अखेर इंग्लंडच्या पार्लमेंटानें कायदा करून बुधवार ता. २ सप्टेंबर १७५२ नंतर गुरुवार ता. १४ सप्टेंबर धरविला, आणि त्याच सालापासून वर्षारंभ १ जानेवारीस आणिला. येथेंही वार अखंडच राहिला. पोपचें नांव न घेतां पोपचीच गणना १७० वर्षांनीं पतकरली गेली. त्यापुढील तारखांविषयीं वाद नाहीं: पानिपतचा संग्राम, शके १६८२ पौष शुद्ध अष्टमी, बुधवार, सर्वांच्या मतें ता. १४ जानेवारी १७६१ च आहे.

मग १७५२ पूर्वींच्या तारखा कोणत्या गणनेनें द्याव्या? सर्व नवीन गणनेंत आणाव्या, कारण ती सूर्याशीं जुळती आहे, असें कांहीं जण म्हणतात. त्यांत तथ्य आहे. परंतु शिवकालाविषयींचे इंग्रजी कागद छापले गेले ते जुन्या तारखांनीं, व मराठी इतिहासग्रंथांत बहुतेक तीच रीत रुळली. महाराष्ट्र शासनानें शिवजन्माची मान्य केलेली १९ फेब्रुवारी ही तारीखही जुन्याच गणनेची आहे. आतां मध्येंच फिरविणें म्हणजे शंभर वर्षांच्या ग्रंथांशीं संबंध तोडणें होय. आमच्या मतें गणना कोणतीही घ्यावी, पण ती सांगावी. न सांगितलेली तारीख पुढच्या हातांत पडते. तो तीस जुनी समजून पुन्हां दहा दिवस मिळवितो. असें दुहेरी रूपांतर एकदां छापलें गेलें, आणि मूळ कागद वाळवीनें खाल्ला, म्हणजे खरा दिवस कायमचा हरवला.

आम्ही हें लिहितों तें भंडारदऱ्यास. याच अकोलें तालुक्यांत, उत्तरेस नाशिकच्या सरहद्दीवर, पट्टा किल्ला आहे. जालन्याच्या लुटीनंतर १६७९ च्या हिवाळ्यांत महाराज तेथें विसावले, म्हणून त्यास विश्रामगड हें नांव मिळालें. नोव्हेंबरच्या अखेरच्या दहा दिवसांतील कोणताही दिवस नव्या गणनेंत डिसेंबरांत जातो. तेव्हां या मुक्कामाविषयीं एका पुस्तकांत नोव्हेंबर व दुसऱ्यांत डिसेंबर आढळल्यास दोन मुक्काम कल्पूं नयेत. आधीं तिथि व वार शोधावा.

संग्राहकांस आमची विनंती इतकीच कीं, रुमालांतील प्रत्येक कागदाबरोबर जी चिठ्ठी ठेवावयाची, तींत प्रथम मूळांत असेल तसाच शक, तिथि, वार अथवा चंद्र व सन उतरून घ्यावा. वार नसल्यास 'वार नाहीं' असें लिहावें. इंग्रजी तारीख त्याखालीं, व तिच्यापुढें 'जु.' किंवा 'न.' हें एक अक्षर. एवढ्या एका अक्षरानें पुढच्या पिढीचा पुष्कळ व्यर्थ वाद वांचेल.