थर्मोस्टॅट काढून टाकू नये, बदलावा

इंजिनाचा थर्मोस्टॅट ही कूलंटच्या वाटेवर बसवलेली, उष्णतेने आपोआप उघडणारी झडप असते. आकाराने ती मुठीत मावेल एवढीच. इंजिन थंड असताना ती बंद राहते, त्यामुळे कूलंट रेडिएटरकडे न जाता इंजिनातल्या इंजिनात फिरते आणि लवकर तापते. ठरलेल्या तापमानाला झडप उघडू लागते आणि गरम कूलंट रेडिएटरमधून थंड होऊन परत येऊ लागते. मारुती ८०० च्या ७९६ सीसी, तीन सिलिंडरच्या इंजिनात झडप ८२ अंश सेल्सिअसला उघडू लागते आणि साधारण ९५ अंशांना पूर्ण उघडते. डिसेंबर १९८३ मध्ये रस्त्यावर आलेली ही गाडी २०१४ च्या सुरुवातीपर्यंत बनत होती. तिच्या जुन्या, कार्ब्युरेटरच्या मॉडेलमध्ये बॉनेट उघडले की हात घालायला भरपूर जागा मिळते आणि थर्मोस्टॅटचे झाकण इनटेक मॅनिफोल्डवर समोर दिसते. घरच्या घरी हे काम शिकायला इतकी सोयीची गाडी क्वचितच मिळेल, म्हणून पुढचे वर्णन मुख्यतः तिला धरून केले आहे.

झडपेच्या पोटात पितळेची किंवा तांब्याची छोटी डबी असते आणि तिच्यात मेण ठासून भरलेले असते. उष्णता सगळ्या मेणात लवकर पोहोचावी म्हणून त्यात तांब्याची पूड मिसळतात. मेण वितळताना फुगते आणि डबीतल्या रबराला दाबते. रबर मधली पिन बाहेर ढकलते आणि स्प्रिंगच्या विरोधात चकती उघडते. मेण थंड होऊन आकसले की स्प्रिंग चकती मिटवते. मेणाची ही युक्ती सर्जियस व्हर्नेट यांनी १९३४ मध्ये शोधली. त्याआधीच्या थर्मोस्टॅटमध्ये पटकन वाफ होणारा द्रव भरलेली धातूची भाती असे. मात्र भातीवर भोवतालच्या दाबाचा परिणाम होतो, त्यामुळे कूलिंग सिस्टीम दाबाखाली चालू लागल्यावर ती निरुपयोगी ठरली. मेणाला दाबाची फिकीर नसते.

भाग कसा बिघडतो तेही या रचनेतच दडलेले आहे. डबीतले मेण गळाले तर पिन ढकलायला काही उरत नाही आणि स्प्रिंग झडप बंदच ठेवते. हा बिघाड धोक्याचा, कारण कूलंट रेडिएटरपर्यंत पोहोचतच नाही. काही मिनिटांत तापमानाचा काटा 'एच'कडे जातो, ऍल्युमिनियमचे हेड वाकते, हेड गॅस्केट जाते आणि स्वस्तातल्या एका भागापायी हेड उतरवून फेसिंगला द्यावे लागते. याउलट स्प्रिंग तुटली किंवा चकतीत गंज-कचरा अडकला तर झडप उघडीच राहते. गाडी रस्त्यात बंद पडत नाही, म्हणून हा बिघाड महिनोन्‌महिने कोणाच्या लक्षातही येत नाही.

आपल्याकडे यावरचा प्रचलित उपाय म्हणजे थर्मोस्टॅट काढून फेकून देणे. 'इथल्या उन्हात याची गरजच काय' हे वाक्य बहुतेक गॅरेजांत ऐकू येते आणि ते पटण्यासारखेही वाटते. पण नागपूर-चंद्रपूरच्या मे महिन्यात ४५ अंशांची हवा असली तरी ती इंजिनाला हव्या असलेल्या तापमानाहून जवळजवळ ४० अंशांनी थंडच असते. थर्मोस्टॅट नसलेली गाडी हायवेला लागली की समोरून येणाऱ्या वाऱ्याने काटा खाली येतो आणि खालीच राहतो. थंड इंजिनात पेट्रोलची नीट वाफ होत नाही. न जळालेले पेट्रोल सिलिंडरच्या भिंतीवरचा ऑइलचा पातळ थर धुऊन काढते आणि झिरपत खालच्या ऑइलमध्ये उतरते. ज्वलनातून तयार झालेली पाण्याची वाफही ऑइलमध्येच थिजते, कारण तिला उडवून लावण्याएवढी उष्णता तिथे नसते. परिणामी पिस्टन रिंगा झिजतात, मायलेज पडते आणि चोक जास्त वेळ ओढून ठेवावा लागतो. हे नुकसान सावकाश होते, त्यामुळे त्याचा दोष सहसा त्या दिवशीच्या 'उपाया'ला कोणी देत नाही.

काही इंजिनांत तर थर्मोस्टॅट काढल्याने गाडी उलट जास्त तापते. अशा थर्मोस्टॅटला खालच्या बाजूस दुसरी चकती असते. मुख्य झडप उघडत जाते तशी ती बायपासची वाट बंद करत जाते. भागच काढला की बायपास कायमचा उघडा राहतो आणि बरेचसे गरम कूलंट रेडिएटरला वळसा घालून तसेच इंजिनात परतते. सपाट रस्त्यावर हे खपून जाते, पण कसारा किंवा खंबाटकीच्या चढाला गाडी लागली की काटा चढतो. 'पाणी फार वेगाने फिरते म्हणून थंड होत नाही' असे याचे कारण सांगितले जाते, ते खरे नाही. खरे कारण हा उघडा राहिलेला बायपास.

दोष थर्मोस्टॅटचाच आहे का, याची सर्वांत सोपी परीक्षा सकाळी थंड इंजिनावर होते. गाडी सुरू करून इंजिनातून रेडिएटरच्या वरच्या टोकाला जाणाऱ्या जाड रबरी पाइपवर अधूनमधून हात ठेवावा, पण पंख्याच्या पात्यांपासून दूर. चांगल्या थर्मोस्टॅटमध्ये पाइप काही मिनिटे गारच राहतो आणि काटा मधोमध येण्याच्या सुमारास एकदम चटका देण्याइतका गरम होतो. पाइप पहिल्या मिनिटापासून हळूहळू कोमट होत गेला तर झडप उघडी अडकली आहे. काटा वर चढत असताना पाइप गारच राहिला तर ती बंद अडकली आहे, तेव्हा इंजिन ताबडतोब बंद करावे. थर्मोस्टॅट रेडिएटरकडून परत येणाऱ्या खालच्या पाइपच्या बाजूला बसवलेला असेल, तसा तो बऱ्याच जपानी गाड्यांत असतो, तर वरच्या पाइपवरून एवढा स्पष्ट निकाल मिळत नाही.

गाडी तापण्याची बाकीची कारणेही आधी तपासावीत. कूलंट कमी आहे का, रेडिएटरच्या जाळीत चिखल-कचरा भरला आहे का, पंखा वेळेवर सुरू होतो का आणि रेडिएटरच्या झाकणाचे रबर कडक झाले आहे का, हे पाहायला इंजिनाचे काही उघडावे लागत नाही. झाकण बिनमहत्त्वाचे समजू नये. ०.९ किलो दाबाचे चांगले झाकण साध्या पाण्याचाही उत्कलनबिंदू ११८ अंशांच्या आसपास नेऊन ठेवते. ऑइलच्या झाकणाखाली दुधाळ साय दिसली किंवा इंजिन सुरू असताना रेडिएटरमध्ये सतत बुडबुडे येत राहिले, तर संशय हेड गॅस्केटवर घ्यावा. ते काम अंगणातले नाही. त्याचप्रमाणे टायमिंग बेल्टचे कव्हर उतरवल्याशिवाय थर्मोस्टॅट हाती लागत नसेल, तर तशी गाडीही गॅरेजला न्यावी.

नवा थर्मोस्टॅट त्याच तापमानाचा घ्यावा. आकडा धातूवर कोरलेला असतो. 'थंड' थर्मोस्टॅट बसवला की गाडी कमी तापेल, ही समजूत चुकीची आहे. तो फक्त झडप कधी उघडेल ते ठरवतो, रेडिएटरची ताकद वाढवत नाही. सोबत थर्मोस्टॅटच्या झाकणाचे पॅकिंग, कूलंट आणि पाइप जुना असेल तर नवा पाइप व क्लिपा आणाव्यात. मग बसवण्याआधी स्वयंपाकघरात चाचणी घ्यावी, यासाठी एखादे जुने पातेले कायमचे वेगळे काढणे बरे. झडप हाताने किंचित उघडून तिच्यात दोऱ्याचे टोक चिमटवावे आणि थर्मोस्टॅट त्या दोऱ्याने पाण्यात लटकवावा, मात्र तळाला टेकू देऊ नये. शेजारी थर्मामीटर धरून पाणी सावकाश तापवावे. झडप उघडताच दोरा सुटतो आणि थर्मोस्टॅट पाण्यात पडतो. त्या क्षणी थर्मामीटरवर ८२ च्या दोन-तीन अंश अलीकडे-पलीकडे आकडा हवा. पुढे पाणी उकळू दिले की झडप पूर्ण उघडलेली दिसते. पुण्यात पाणी ९८ अंशांना उकळते, त्यामुळे तिथे अडचण येत नाही. महाबळेश्वरात मात्र ते ९५-९६ अंशांनाच उकळते, तेव्हा तिथे झडप जेमतेम पूर्ण उघडेल. नवे भागही कधीकधी सदोष निघतात, म्हणून ही पंधरा मिनिटे वाया जात नाहीत.

प्रत्यक्ष कामाला इंजिन पूर्ण गार हवे, रात्रभर उभी असलेली गाडी उत्तम. गरम रेडिएटरचे झाकण उघडले की दाब सुटतो, कूलंट क्षणात उकळून उसळते आणि तोंड-हात भाजतात. बॅटरीची निगेटिव्ह तार सोडावी, म्हणजे विजेचा पंखा अचानक फिरणार नाही. मग रेडिएटरखाली स्वच्छ टब ठेवून खालचा नळ सैल करावा आणि कूलंटची पातळी थर्मोस्टॅटच्या खाली येईल एवढेच, म्हणजे लिटर-दीड लिटर काढावे. कूलंटमधले इथिलिन ग्लायकॉल विषारी असते आणि चवीला गोड लागते. अंगणात सांडलेले कूलंट कुत्री-मांजरे चाटतात आणि मरतात. म्हणून टब उघडा ठेवू नये आणि जुने कूलंट गटारात किंवा मातीत ओतू नये. ते बंद डब्यात भरून, जे गॅरेज वापरलेले ऑइल-कूलंट गोळा करते तिथे द्यावे.

वरच्या पाइपची क्लिप सैल करून पाइप पिळत-पिळत काढावा. वर्षानुवर्षे चिकटलेल्या पाइपखाली स्क्रूड्रायव्हर घालून उचकटले तर ऍल्युमिनियमच्या तोंडाला ओरखडा पडतो आणि तिथून पुढे कायम झिरपत राहते. त्यापेक्षा पाइप उभा चिरून नवा घालणे स्वस्त पडते.

आता थर्मोस्टॅटच्या झाकणाचे दोन बोल्ट, आणि सगळ्या कामातली खरी कसोटी इथेच असते. पोलादी बोल्ट, ऍल्युमिनियमचे आटे आणि वीस-पंचवीस वर्षांचे पाणी यांमुळे पांढरट गंज धरलेला असतो आणि बोल्ट जणू वितळवून जोडल्यासारखा घट्ट बसतो. आदल्या रात्रीच बोल्टच्या बुडाशी डब्ल्यूडी-४० किंवा तत्सम तेल सोडावे आणि डोक्यावर हातोडीने हलके टोले द्यावेत. सकाळी पुन्हा तेल सोडावे. माप तंतोतंत जुळणारा, शक्यतो सहा कोनांचा सॉकेट लावावा. बोल्ट पाव फेरा सुटला की लगेच पूर्ण काढण्याची घाई करू नये. थोडा परत आवळावा, पुन्हा सोडावा, मध्ये तेल द्यावे. कुरकुर आवाज करत सुटणारा बोल्ट ठीक असतो. पाना फिरतो आहे, पण हाताला स्पंजसारखे मऊ लागते, असे झाले तर बोल्ट पिळवटून तुटण्याच्या बेतात आहे, तिथेच थांबावे. तुटलेला बोल्ट काढायला भोक पाडून नवे आटे पाडावे लागतात. ते काम लेथवाल्याचे.

बोल्ट निघाले तरी झाकण चिकटलेले असते. लाकडी ठोकळ्याने बाजूने टोले दिले की ते सुटते. जुना थर्मोस्टॅट काढण्याआधी त्याचा फोटो काढून ठेवावा. मेणाची डबी आणि स्प्रिंग इंजिनाच्या बाजूला असतात. उलटा बसवला तर मेणाला गरम कूलंट लागत नाही आणि नवाकोरा भागही उघडत नाही. काहींच्या कडेला हवा निघण्यासाठी बारीक भोक आणि त्यात लोंबणारी पिन असते, ती वरच्या बाजूस यावी.

उघड्या भोकात चिंधी कोंबून जुने पॅकिंग प्लास्टिकच्या पट्टीने खरवडावे. झाकणाचा सपाट भाग काचेवर बारीक पॉलिश पेपर ठेवून आठ आकाराच्या हालचालीने चार-सहा वेळा घासला की उंचसखल भाग लगेच दिसतो. खोल खड्डे पडलेले असतील तर झाकणच बदलावे. थर्मोस्टॅट त्याच्या खाचेत पूर्ण बसला आहे याची बोटाने खात्री करावी. खाचेतून सरकलेला थर्मोस्टॅट आणि आवळलेले बोल्ट मिळून झाकणाचा कान तोडतात. कागदी पॅकिंगला सीलंटचा अगदी पातळ थर पुरतो. जास्तीचे सिलिकॉन आत फुगून सुटते आणि रेडिएटरच्या नळ्यांत अडकते. रबरी रिंग असेल तर सीलंट मुळीच लावू नये. बोल्टच्या आट्यांना किंचित ग्रीस लावून दोन्ही बोल्ट आळीपाळीने थोडे-थोडे आवळावेत. सहा मिलिमीटरच्या बोल्टला १० न्यूटन-मीटरच्या आसपास पुरते, म्हणजे लहान पान्यावर मनगटाचा जोर.

भरताना नळाचे किंवा बोअरचे पाणी घालू नये. त्यातले क्षार रेडिएटरमध्ये खडा धरतात आणि नव्या झडपेवरही बसतात. तयार कूलंट घ्यावे, नाहीतर घट्ट कूलंट आणि डिस्टिल्ड वॉटर निम्मेनिम्मे मिसळावे. वेगवेगळ्या प्रकारची कूलंट एकत्र करू नयेत. कूलंट सावकाश ओतत वरचा पाइप मध्येमध्ये दाबत राहावे, म्हणजे अडकलेली हवा बुडबुड्यांनी बाहेर येते. गाडीचे तोंड चढाकडे असेल तर हे अधिक चांगले होते. हीटर असल्यास तो गरमवर ठेवावा. मग बॅटरीची तार परत जोडून, रेडिएटरचे झाकण न लावता, थंड इंजिन सुरू करावे आणि स्लोवर चालू द्यावे. झडप उघडली की पातळी एकदम खाली जाते, तेव्हा भर घालावी. बुडबुडे थांबले की झाकण लावून बाजूच्या टाकीत दोन खुणांच्या मध्ये कूलंट ठेवावे. हवा आत राहिली तर तापमानाचा सेन्सर हवेतच लटकतो आणि इंजिन तापत असताना काटा खाली दाखवतो. म्हणून पहिल्या फेरीला घरापासून फार लांब जाऊ नये आणि पंखा स्वतःहून सुरू होऊन बंद होतो का, हे पाहावे.

दुसऱ्या दिवशी इंजिन गार असताना रेडिएटरचे झाकण उघडून पातळी पाहावी. पहिल्या एक-दोन दिवसांत ती थोडी उतरणे स्वाभाविक आहे, कारण उरलेली हवा टाकीवाटे निघून जाते. थर्मोस्टॅटच्या झाकणाच्या कडेला बोट फिरवून ओल लागते का तेही पाहावे आणि वरच्या पाइपची ती सकाळची परीक्षा पुन्हा एकदा करावी. त्यानंतरही दर आठवड्याला भर घालावी लागत असेल आणि बाहेर कुठेच थेंब दिसत नसेल, तर कूलंट इंजिनात जळते आहे आणि दोष थर्मोस्टॅटच्या पलीकडचा आहे. तेव्हा गाडी हेडचे काम जाणणाऱ्या मेकॅनिककडे न्यावी.