ग्वाल्हेरचा बंदिवान आणि पहिल्या खलिफाचे स्थान

ग्वाल्हेरच्या पडाव भागाला लागून असलेल्या फूलबागेत गोपाळ मंदिर, मोती मशीद आणि गुरुद्वारा एकाच परिसरात उभे आहेत, आणि त्यामुळे धर्माधर्मांतील शेजार हा या शहराच्या ओळखीचा विषय झाला आहे. परंतु एकाच धर्माच्या पोटात पंथ कसे पडतात, ते पडायला किती काळ लागतो आणि त्यातून अनुयायांची ओळख कशी घडते, या प्रश्नाचा एक धागाही याच शहरात येऊन पोहोचतो, याकडे सहसा लक्ष जात नाही. अरबस्तानातील मदिना शहरात ६३२ मध्ये उपस्थित झालेला एक वाद जवळजवळ एक हजार वर्षांनी एका माणसाला ग्वाल्हेरच्या किल्ल्यात कैदी म्हणून घेऊन आला, ही घटना इतिहासात नोंदलेली आहे आणि ती नीट समजून घेण्यासारखी आहे.

हा कैदी म्हणजे नक्शबंदी सूफी परंपरेतील विद्वान शेख अहमद सरहिंदी. त्यांचा जन्म १५६४ चा आणि मृत्यू १६२४ चा. तरुणपणी त्यांनी शिया मताचे खंडन करणारा एक ग्रंथ लिहिला होता आणि प्रेषितांच्या पश्चात पहिले तीन खलिफा न्याय्य वारस होते, त्यांची निंदा करणे हा मोठा अपराध होय, ही भूमिका त्यांनी त्यात हिरिरीने मांडली होती. पुढे आपल्या गुरूंना लिहिलेल्या एका पत्रात त्यांनी ध्यानावस्थेतील आध्यात्मिक आरोहणाचे वर्णन केले, आणि त्या आरोहणात आपण तिसरे खलिफा उस्मान, दुसरे उमर आणि पहिले अबू बक्र यांची स्थाने ओलांडून वर गेलो, असा त्याचा अर्थ विरोधकांनी लावला. बादशहा जहांगीराने १६१९ मध्ये त्यांना दरबारात बोलावून घेतले, त्यांचे उत्तर त्याला उद्धट वाटले, आणि अनीराय सिंहदलन या राजपूत सरदाराच्या ताब्यात देऊन त्याने त्यांची रवानगी ग्वाल्हेरच्या किल्ल्यात केली. हा सारा प्रसंग जहांगीराने आपल्या आत्मचरित्रात स्वतःच लिहून ठेवला आहे. सुमारे वर्षभराने त्यांची सुटका झाली. अबू बक्र यांचा मान राखला जात नाही म्हणून ज्याने शियांवर टीका केली, त्याच माणसावर अबू बक्र यांच्याहून स्वतःला थोर मानल्याचा ठपका यावा, यावरून या एका नावाभोवती सतराव्या शतकापर्यंत किती भावना गोळा झाल्या होत्या हे ध्यानात येते. त्याआधीच्या शतकात ग्वाल्हेरचेच शत्तारी सूफी मुहम्मद गौस, ज्यांची मोठी जाळीदार कबर हजिरा भागात तानसेनाच्या कबरीशेजारी आहे, त्यांनाही आरोहणाच्या अशाच दाव्यावरून गुजरातेतील उलेमांचा, म्हणजे धर्मपंडितांचा रोष पत्करावा लागला होता.

प्रेषित मुहम्मद यांचे ६३२ मध्ये निधन झाले, तेव्हा समाजाचे नेतृत्व कोणी करायचे याविषयी सर्वमान्य व्यवस्था नव्हती. त्यांचा पुत्र हयात नव्हता. कन्या फातिमा आणि जावई व चुलतभाऊ अली हे सर्वांत जवळचे आप्त होते. मदिनेतील मूळ रहिवासी, ज्यांना अन्सार म्हणजे साहाय्यकर्ते म्हणत, ते एका मांडवाखाली जमून आपल्यातला नेता निवडू लागले असता मक्केहून आलेल्या ज्येष्ठ अनुयायांनी तेथे धाव घेतली आणि वादविवादानंतर अबू बक्र यांच्या हाती हात देऊन निष्ठा वाहण्यात आली. या वेळी अली तेथे नव्हते. ते अंत्यविधीच्या तयारीत होते. त्याच वर्षी गदीर खुम या ठिकाणी प्रेषितांनी अली यांचा हात उंचावून त्यांच्याविषयी काढलेले गौरवोद्गार दोन्ही बाजू मान्य करतात. ते उद्गार वारसाची घोषणा होते की आपुलकीची ग्वाही, एवढाच वाद आहे. मात्र त्या दिवशी मदिनेत सुन्नी कोणी नव्हते आणि शियाही कोणी नव्हते. एका नव्या समाजाच्या कारभाराविषयी मतभेद असलेली माणसे होती, ती एकाच रांगेत नमाज पढत होती, आणि अली यांनीही काही काळाने अबू बक्र यांचे नेतृत्व स्वीकारले.

मतभेद रक्तावर गेला तो तिसरे खलिफा उस्मान यांच्या वधानंतर. नातेवाइकांना अधिकारपदे दिल्याच्या रागातून इजिप्त आणि इराकमधून आलेल्या बंडखोरांनी ६५६ मध्ये त्यांना त्यांच्याच घरात ठार मारले. त्यानंतर अली खलिफा झाले, पण उस्मान यांच्या खुनाचा सूड हा प्रश्न त्यांच्यापुढे उभा राहिला. त्याच वर्षी बसरा शहराजवळ प्रेषितपत्नी आयेशा यांच्या पक्षाशी त्यांना लढावे लागले आणि पुढच्या वर्षी फरात नदीकाठी सिफ्फीन येथे सीरियाचा सुभेदार मुआविया याच्या फौजेशी गाठ पडली. परंपरेनुसार सीरियन सैनिकांनी भाल्यांच्या टोकांना कुराणाची पाने लावून लवादाची मागणी केली, अली यांनी ती मानली, आणि तेवढ्यावरून त्यांच्याच सैन्यातला एक गट फुटून निघाला. निवाडा करण्याचा अधिकार केवळ ईश्वराचा आहे, तो माणसांच्या लवादाकडे सोपवणे हे पाप आहे, असे या गटाचे म्हणणे होते; त्यांना पुढे खारिजी, म्हणजे बाहेर पडलेले, असे नाव मिळाले. गंभीर पाप करणारा माणूस मुसलमान उरतच नाही, मग तो खलिफा का असेना, हे त्यांचे मत होते, आणि इस्लामच्या इतिहासात खरा मुसलमान कोण हा प्रश्न धर्मसिद्धान्त म्हणून प्रथम ठळकपणे मांडला तो याच लोकांनी. त्यांच्यापैकीच एकाने ६६१ मध्ये कूफा येथे अली यांच्यावर प्राणघातक वार केला.

अली यांचे ज्येष्ठ पुत्र हसन यांनी मुआवियाशी तह करून सत्ता सोडली. मुआवियाने आपल्या मुलाला, यझीदला, वारस नेमले तेव्हा धाकटे पुत्र हुसेन यांनी त्याला निष्ठा वाहण्यास नकार दिला. कूफावासीयांच्या निमंत्रणावरून निघालेले हुसेन परंपरेने बहात्तर मोजल्या जाणाऱ्या सोबत्यांसह १० मोहरम, हिजरी सन ६१, म्हणजे १० ऑक्टोबर ६८० रोजी करबला येथे मारले गेले. निमंत्रण देऊन मदतीला न आलेल्या कूफावासीयांपैकी काहींनी पुढे स्वतःला पश्चात्तापी म्हणवून घेतले, हुसेन यांच्या कबरीपाशी जमून शोक केला आणि मरणाच्या तयारीनेच मुआवियाच्या उमय्या घराण्याच्या फौजेवर चालून गेले. शिया भक्तीतील सामूहिक शोकाची मुळे या पश्चात्तापात आहेत. अलीचा पक्ष हा तोवर मुख्यतः राजकीय गट होता. करबलानंतर त्याला एक जखम मिळाली आणि ती जखम कोणत्याही सिद्धान्तापेक्षा अधिक काळ लोकांना बांधून ठेवणारी ठरली.

तरीही सातव्या शतकाच्या अखेरीस पंथांच्या सीमा आखल्या गेल्या होत्या असे म्हणता येत नाही, आणि याचा पुरावा त्या काळच्या नाण्यांवरच सापडतो. इराण जिंकल्यावर अरब सुभेदार कित्येक वर्षे तेथील सासानी राजांचीच नाणी पाडत राहिले. मुकुटधारी राजाचा मुखवटा आणि अग्निवेदी तशीच ठेवून कडेला फक्त ईश्वराच्या नावाचा एखादा अरबी शब्द घातला जाई. प्रेषितांचे नाव नाण्यावर दिसते ते हिजरी ६६ मध्ये, आणि तेही खिलाफतीवर हक्क सांगणाऱ्या इब्न झुबैर यांच्या पक्षाच्या इराणी टांकसाळीतून. त्यानंतर थोड्याच वर्षांत खारिजी नेता कतरी याने त्याच धाटणीच्या नाण्यांवर निवाडा फक्त ईश्वराचाच ही आपली घोषणा कोरली. खलिफा अब्दुल मलिकने जेरुसलेममध्ये हिजरी ७२ मध्ये उभारलेली घुमटाची वास्तू आणि ६९६-९७ च्या सुमारास काढलेली चित्रविरहित, केवळ अक्षरांची नाणी यांतून राज्याचा धर्म कोणता हे प्रथमच ठळकपणे जाहीर झाले. श्रद्धेची ओळख अशी गटागटांच्या चढाओढीत घडत गेली, ती आयती आलेली नव्हती.

या चढाओढीत एक विवेकी आवाजही होता आणि तो आज फारच थोड्यांना ठाऊक आहे. अली यांचेच नातू हसन बिन मुहम्मद यांच्या नावावर असलेल्या एका छोट्या लेखात अबू बक्र आणि उमर यांना मान द्यावा, पण उस्मान आणि अली यांच्या काळच्या यादवीत कोण बरोबर होते याचा निवाडा ईश्वरावर सोडावा, असे सुचवले आहे. निवाडा पुढे ढकलणाऱ्या या विचाराच्या लोकांना मुर्जिआ म्हटले गेले. त्यांचा पंथ टिकला नाही, परंतु पाप केले म्हणून कोणी इस्लामबाहेर जात नाही ही त्यांची भूमिका बहुसंख्य समाजाने उचलली. ज्याला आज सुन्नी परंपरा म्हणतात, ती प्रेषितांच्या आचरणाच्या आणि एकसंध समाजाच्या आग्रहातून हळूहळू आकाराला आली. चार न्याय्य खलिफांचा जो क्रम आज बालवयापासून शिकवला जातो, तोही लगेच ठरलेला नव्हता. अली यांना चौथे स्थान देण्यास अनेकांचा विरोध होता, आणि बगदादचे अहमद बिन हंबल, ज्यांचे निधन ८५५ मध्ये झाले, त्यांच्यासारख्यांनी हा क्रम उचलून धरल्यावरच तो स्थिर झाला. सरहिंदी यांनी जी शिडी चढल्याचे लिहिले, तिच्या पायऱ्या बसवायलाच दोनशे वर्षे लागली होती.

शिया बाजूलाही एकमत नव्हते. इमाम, म्हणजे अली यांच्या वंशातील ईश्वरनियुक्त मार्गदर्शक, नेमका कोण यावरून फाटे फुटत गेले: ७४० मध्ये झैद यांनी केलेल्या बंडातून झैदी पंथ निघाला, ७६५ मध्ये जाफर सादिक यांच्या निधनानंतर त्यांच्या इस्माईल या मुलाला मानणारे इस्माइली वेगळे झाले (आजचे बोहरा आणि खोजा याच शाखेतले), आणि उरलेल्या प्रवाहाने बारावे इमाम ८७४ पासून अदृश्य आहेत अशी श्रद्धा धरली. दोन्ही समाज रस्त्यावर एकमेकांपासून वेगळे दिसू लागले ते यानंतर. बगदादवर सत्ता गाजवणाऱ्या बुवैही या शिया घराण्याच्या मुइज्जुद्दौलाने ९६३ मध्ये दहाव्या मोहरमला बाजार बंद ठेवून जाहीर शोक करण्याचा हुकूम काढला, आणि त्याच शतकाच्या अखेरीस सुन्नी लोकांनी उत्तरादाखल अबू बक्र यांनी हिजरतीच्या, म्हणजे मक्का सोडून मदिनेला जाण्याच्या, वेळी प्रेषितांना गुहेत दिलेल्या सोबतीचा दिवस साजरा करायला सुरुवात केली. मतभेदाचे पंचांग झाले की तो पिढ्यान् पिढ्या चालतो, हे बगदादने दाखवून दिले.

मराठी प्रदेशात हा इतिहास दख्खनच्या सुलतानांबरोबर आला. विजापूरच्या युसुफ आदिलशहाने १५०२ च्या सुमारास शुक्रवारच्या खुतब्यात, म्हणजे राजाच्या नावाने होणाऱ्या प्रवचनात, बारा इमामांची नावे घातली. त्याच्या वंशजांपैकी काहींनी हा क्रम मोडला, काहींनी तो पुन्हा जोडला. अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाने शाह ताहिर या विद्वानाच्या प्रभावाने १५३७ मध्ये शिया मत स्वीकारले, आणि विशेष म्हणजे हा शाह ताहिर स्वतः इस्माइलींच्या एका शाखेचा इमाम होता, उघडपणे मात्र बारा इमामांचे मत सांगत होता. दरबारी मत बदलत राहिले. गावोगाव मात्र मोहरमचे ताबूत (हुसेन यांच्या कबरीच्या प्रतिकृती), पंजे, सवाऱ्या आणि अलावा, म्हणजे अग्निकुंड, रूढ झाले, मुसलमानांत ते मुख्यतः सुन्नी लोकच करीत, आणि नवस फेडण्यासाठी दहा दिवस फकीर होणारी हिंदू माणसेही त्यांत असत. याच दख्खनच्या सवयी घेऊन मराठा सरदार उत्तरेत गेले असे मानणे रास्त ठरेल.

या सरदारांपैकी महादजी शिंदे यांची बीडच्या मन्सूर शाह या सूफींवर श्रद्धा होती आणि शिंदे घराण्याने ती पुढे जपली. ग्वाल्हेरच्या लष्कर भागातील गोरखी वाड्याच्या देवघरात मन्सूर शाहांचे स्थान आजही आहे. महादजींचे वारस दौलतराव शिंदे यांच्या छावणीत १८०९ मध्ये राहिलेला इंग्रज अधिकारी ब्रॉटन याने तेथील मोहरमचे वर्णन केले असून, खुद्द दौलतराव त्या दिवसांत फकिरी वेश घेत असल्याचे त्याने नमूद केले आहे. पुढच्याच वर्षी ही छावणी ग्वाल्हेरच्या किल्ल्याखाली स्थिरावली, तिचे लष्कर हे शहर झाले आणि संस्थानाचा ताजिया, म्हणजे ताबूत, हा तेथल्या मोहरमचा मुख्य भाग बनला. पुण्यात १८९३ च्या मुंबईतील हिंदू-मुस्लिम दंगलीनंतर हिंदूंनी ताबुतांकडे पाठ फिरवली, ग्वाल्हेरात मात्र राजघराण्याच्या हातून ताजियाची सेहराबंदी, म्हणजे त्याला सेहरा बांधण्याचा विधी, होण्याची रीत मोडली नाही.

ताजियाला विरोध करणाऱ्यांमध्ये शियाविरोधी सुन्नी सुधारक आघाडीवर होते, आणि त्यांतले सर्वांत प्रसिद्ध नाव म्हणजे रायबरेलीचे सय्यद अहमद. ताजिया ही धर्मात घुसलेली भेसळ आहे असे ते सांगत. १८२६ मध्ये वायव्य सरहद्दीकडे जाताना ते ग्वाल्हेरात थांबले, आणि दौलतरावांचे मेहुणे, कागलच्या घाटगे घराण्यातील हिंदूराव यांनी त्यांचे आतिथ्य केले. सरहद्दीवरून सय्यद अहमद यांनी याच हिंदूरावांना पत्र लिहून, परके व्यापारी देशाचे धनी होऊन बसले आहेत, त्यांना हटवल्यावर सत्ता आणि अधिकार ज्यांना हवे त्यांच्याकडेच राहतील, अशा आशयाचा मजकूर कळवला. शुद्ध सुन्नी आचरणाचा आग्रह धरणारा माणूस ताजिया मिरवणाऱ्या मराठा दरबाराकडे सहकार्यासाठी पाहत होता, आणि सिफ्फीनच्या रणांगणाप्रमाणे येथेही श्रद्धेची रेषा आणि सत्तेची रेषा एकमेकींवर बसत नव्हत्या. सय्यद अहमद १८३१ मध्ये बालाकोट येथे शीख फौजेशी लढताना मारले गेले. हिंदूराव दिल्लीत जाऊन राहिले आणि तेथील टेकडीवरचा वाडा व रुग्णालय आजही त्यांच्याच नावाने ओळखले जाते.